विकिपीडियाचे लेख स्वतःच्या आवाजात रेकॉर्ड करायचे आहेत. फोन आपोआप वाचून दाखवत असताना त्याचा काही उपयोग आहे का? सुरुवात कशी करावी?

उपयोग आहे, पण सरसकट नाही. मी हे काम अधूनमधून करते.

'अंधांसाठी करायचंय' असं म्हणत बरेच जण येतात. हेतू चांगलाच. पण रोज स्क्रीन रीडर (पडद्यावरचा मजकूर मोठ्याने वाचून दाखवणारं सॉफ्टवेअर) वापरणारे अनेक जण तो इतक्या वेगात लावतात की आपलं वाचन त्यांना रटाळ वाटावं. शिवाय त्यांना लेख आज जसा आहे तसा ऐकायला मिळतो. आपलं रेकॉर्डिंग मात्र केलं त्या दिवशीच थांबतं. म्हणून तर इंग्रजी विकिपीडियावर अशा फाइलसोबत 'अमुक तारखेच्या आवृत्तीवरून, नंतरचे बदल यात नाहीत' अशी सूचना असते.

त्यामुळे खरा प्रश्न लेख निवडण्याचा. हयात नेते, खेळाडू, चालू घडामोडी यांच्या वाटेला जाऊ नका. महिन्याभरात शिळं होतं. जुनी युद्धं, प्राणी, दिवंगत शास्त्रज्ञ असे विषय घ्या. त्यातही ज्या लेखात फारशी भर पडत नाही तो घ्या. लेखाच्या 'इतिहास' पानावर, म्हणजे बदलांच्या यादीत, डोकावलं की लगेच कळतं.

माणसाचा आवाज यंत्रापुढे जातो तो निर्णयांत. 'जग' म्हणजे दुनिया की 'जगणे'चं आज्ञार्थी रूप, हे लिहिलेलं सारखंच दिसतं. उच्चारातला ज वेगळा. आपण अर्थ पाहून वाचतो, यंत्र तिथे अडखळू शकतं. 'इ.स.' दिसलं की 'इसवी सन' म्हणायचं, चौकटी कंसातले संदर्भांचे आकडे गाळायचे. तक्ते हा सगळ्यात किचकट भाग. घरामागून घर वाचत गेलात तर ऐकणारा तिथेच सोडून देईल. तक्त्याचं सार दोन वाक्यांत सांगा किंवा तो वगळल्याचं सांगा. आणि मजकुरात चूक दिसली तर वाचताना परस्पर सुधारू नका. आधी लेख संदर्भासह दुरुस्त करा, मग ती आवृत्ती वाचा.

महागडा माइक नको. पंखा बंद, कपड्यांनी भरलेलं कपाट जवळ, एवढ्यावर भागतं. ऑडॅसिटी हे रेकॉर्डिंग आणि कापाकापीचं सॉफ्टवेअर मोफत आहे. सुरुवातीला काही सेकंद नुसती शांतता रेकॉर्ड करा, खोलीची घरघर काढताना तोच नमुना लागतो. अडखळलात तर थांबवू नका. श्वास घ्या, वाक्य पहिल्यापासून म्हणा, चुकलेलं नंतर कापा. वाचनापेक्षा या कापाकापीलाच जास्त वेळ जातो, तयारी ठेवा.

फाइल विकिमीडिया कॉमन्सवर, म्हणजे विकिपीडियाच्या चित्र-आवाजांच्या सामायिक भांडारात, चढवायची. ऑग, फ्लॅक, वेव्ह हे फाइलचे प्रकार चालतात. वर्णनात वाचलेल्या आवृत्तीचा दुवा द्या. मूळ मजकूर क्रिएटिव्ह कॉमन्सच्या ॲट्रिब्युशन-शेअरअलाइक परवान्याखाली (श्रेय द्या, आणि त्यावरून केलेलं कामही त्याच अटींवर खुलं ठेवा) असल्याने तुमचं रेकॉर्डिंगही त्याच परवान्याखाली जातं. 'व्यावसायिक वापर नको' अशी अट घालता येत नाही. कुणी तुमचा आवाज विकला तरी चालणार असेल, तरच माइक सुरू करा.