पणजीने पाहिलेली अनारकली

प्रश्न (नौपाडा, ठाणे): माझ्या आईची आजी गिरगावात वाढली. ती सांगायची की तिने लहानपणी सुलोचनाचा अनारकली पाहिला, त्यात बोलणं नव्हतं, पडद्याच्या बाजूला बसून कोणीतरी पेटी वाजवायचं आणि अक्षरं आली की पुढच्या रांगेतला एकजण मोठ्याने वाचून दाखवायचा. घरी सगळे म्हणतात म्हातारीचा घोळ झाला, अनारकली म्हणजे बीना रॉय, आणि सुलोचनादीदी तर आईच्या रोलमधल्या. यूट्यूबवर शोधून दमले. असा पिक्चर होता का?

उत्तर: होता! पणजी बरोबर होत्या, हे आधी घरी सगळ्यांना सांगा.

घोळ झालाय तो सुलोचना दोन असल्यामुळे. आपल्या सुलोचनादीदी लाटकर जन्मल्या १९२८ साली आणि त्याच साली इंपीरियल फिल्म कंपनीचा मूक अनारकली आला, त्यातली सुलोचना वेगळी. तिचं खरं नाव रूबी मायर्स, ज्यू कुटुंबातली मुलगी, आधी टेलिफोन ऑपरेटर होती आणि मग मूकपटांची सगळ्यात मोठी स्टार झाली. तेव्हा लाहोरची एक कंपनी सीतादेवीला घेऊन याच कथेवर मोठा पिक्चर करत होती, तर इंपीरियलने घाईघाईने आपला उरकून आधी थेटरात लावला आणि तोच चालला. बोलपट आल्यावर १९३५ मध्ये रूबी मायर्सनेच परत अनारकली केली. आणि आता घरच्यांसाठी खास, १९५३ चा सी. रामचंद्रांच्या गाण्यांचा बीना रॉयवाला अनारकली परत लावा आणि जोधाबाई नीट बघा. सलीमची आई झालेली ती बाई म्हणजेच पणजीची अनारकली. मला तर ते सीन बघताना दर वेळी गलबलून येतं.

पेटी आणि मोठ्याने वाचणं हेही खरंच. पडद्यावरच्या अक्षरांच्या पाट्या दोनतीन भाषांत असायच्या, पण ज्यांना वाचता येत नव्हतं त्यांच्यासाठी वाचणारा लागायचाच.

पण १९२८ चा तो पिक्चर आज बघता येणार नाही, तो हरवलेल्यांत धरला जातो. आपल्याकडे तेराशेच्या आसपास मूकपट बनले आणि त्यातले पूर्ण किंवा तुकड्यातुकड्यांनी उरलेले तीसच्या आत-बाहेर आहेत. १९३१ ला आलम आरा आला आणि मूकपटाला गिऱ्हाईकच उरलं नाही, डबे गोदामात पडून, त्यात फिल्म नायट्रेटची, म्हणजे पेट घेणारी आणि आपल्या दमट हवेत चिकट होऊन भुगा होणारी, आणि फिल्मवर चांदी असते म्हणून ती काढून घेऊन बाकीचं विकून टाकायचे. खुद्द आलम आराची उरलेली रिळंसुद्धा अशीच चांदीपायी गेली असं पी. के. नायर सांगायचे, ज्यांनी पुण्याचं चित्रपट संग्रहालय उभं केलं. त्या काळची प्रेमकथा बघायचीच असेल तर शिराज (१९२८) किंवा प्रपंच पाश (१९२९) बघा, परदेशी कंपन्यांच्या भागीदारीत बनल्यामुळे त्यांच्या प्रती तिकडे सांभाळल्या गेल्या.

एक कळकळीची विनंती. पणजीने आईला जे जे सांगितलं ते आईला बोलतं करून मोबाईलवर रेकॉर्ड करा, कुठलं थेटर, तिकीट किती, कोणाबरोबर गेली, शेवट कसा होता, सगळं. पिक्चर नाही म्हटल्यावर जाहिराती, फोटो आणि बघितलेल्यांचं बोलणं एवढंच हातात आहे. ठाण्यातल्या मराठी ग्रंथसंग्रहालयात त्या सालची जुनी मासिकं, वर्तमानपत्रं आहेत का तेही विचारून बघा.

प्रश्न (ऐरोली): गावच्या घराचा माळा आवरताना रिळाचा गंजलेला पत्र्याचा डबा सापडला, उघडला तर आंबट वास. मूकपट असेल का?

उत्तर: व्हिनेगरसारखा आंबट वास असेल तर ती बहुतेक नंतरची अ‍ॅसिटेट फिल्म आहे, म्हणजे नायट्रेटसारखी चटकन पेट न घेणारी, पण जुन्या पिक्चरची नंतर काढलेली कॉपीही असू शकते, म्हणून टाकू नका. फिल्मच्या कडेला भिंगाने बघा, बारीक इंग्रजी अक्षरात सेफ्टी (म्हणजे अ‍ॅसिटेटसारखी) किंवा नायट्रेट असं बऱ्याचदा छापलेलं असतं. नायट्रेट दिसलं, किंवा फिल्म तपकिरी, चिकट, फुगे आलेली असेल तर गॅस, देवघर, विडीकाडी सगळ्यापासून लांब सावलीत ठेवा, ती एकदा पेटली की पाण्याखालीही जळते. काहीही असलं तरी प्रोजेक्टरवर चढवू नका आणि उलगडत बसू नका, आहे तसे फोटो काढून पुण्याला लॉ कॉलेज रोडवरच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला पाठवा. आणि त्यांचं उत्तर येईपर्यंत डबा कुरिअरने किंवा एसटीने अजिबात धाडू नका.