सक्तीच्या मजुरांच्या आठवणी 80 वर्षांनी रेकॉर्ड करून काही उपयोग आहे का?

तुमचा प्रश्न असा दिसतोय की दुसऱ्या महायुद्धात जबरदस्तीने राबवलेली माणसं आता नव्वदीत, त्यांना तारखासुद्धा आठवत नसणार, मग कॅमेरा लावून मिळणार काय. तारखा नाहीच आठवत, बरोबर आहे तुमचं. मी मलेशियात सयाम-बर्मा रेल्वेवर, म्हणजे जपान्यांनी युद्धात थायलंडपासून बर्म्यापर्यंत मजूर आणि युद्धकैदी राबवून बांधलेल्या रेल्वेवर, नेलेल्या तमिळ मजुरांवर डॉक्युमेंटरी करतेय, तिथे साल विचारणं मी सोडूनच दिलंय.

पण या 415 किमी रेल्वेबद्दल कागद कोणाचे आहेत ते बघा ना. ब्रिटिश, ऑस्ट्रेलियन, डच युद्धकैद्यांच्या याद्या होत्या, त्यांचे डॉक्टर सोबत होते, जीव धोक्यात घालून लपवलेल्या डायऱ्या आहेत, त्यांचे 12 हजारांवर मेले आणि थायलंडमध्ये कांचनाबुरीला रांगेत नावानिशी कबरी आहेत. मलायातल्या (आताचं मलेशिया) रबराच्या मळ्यांतून नेलेले तमिळ, शिवाय बर्मी, मलय, जावातले असे मजूर त्यांच्या कितीतरी पट, मेलेले 80-90 हजार म्हणतात, तोही अंदाजच, कारण त्यांची धड नोंदच कोणी ठेवली नाही आणि हरल्यावर जपान्यांनी आपले कागद जाळले ते वेगळंच. मग म्हाताऱ्यांचं बोलणं पण सोडून दिलं तर हातात उरतं काय?

आणि आठवतं ते भलतंच पक्कं असतं. पगार केळ्याचं चित्र असलेल्या जपानी नोटांत मिळायचा आणि युद्ध संपल्यावर त्या नोटांना कोणी विचारेना, हे न विचारता सांगतात. एक आजी म्हणाल्या पटकी (कॉलरा) पावसात आली, शेजारची झोपडी रिकामी झाली. महिना त्यांना माहीत नाही, पण कैद्यांच्या डॉक्टरांच्या नोंदींत 1943 च्या मे-जूनमधला कॉलरा आहे, मग लागतो मेळ. अर्थात आज हयात असलेले बहुतेक तेव्हा पोरं होती, त्यामुळे बापाकडून ऐकलेलं कुठलं आणि स्वतः पाहिलेलं कुठलं हे सारखं विचारावं लागतं, यात मात्र ढिलाई नको.

सगळ्यात जास्त नुकसान होतं भाषांतरात. आजी चार मिनिटं बोलतात आणि नातू प्रेमाने एका वाक्यात गुंडाळतो, "खूप हाल झाले म्हणतेय". झालं! म्हणून सगळं तमिळच रेकॉर्ड करा, नंतर तमिळ जाणणाऱ्या बाहेरच्या माणसाकडून शब्दन् शब्द उतरवून घ्या, खर्च होतो पण इलाज नाही. "कसं वाटलं" विचारू नका, काय खाल्लं, झोपायला काय होतं, पायाच्या जखमेला काय लावलं ते विचारा. आणि मळ्याचं नाव, मुकादम म्हणजे कंगाणीचं नाव पहिल्याच दिवशी विचारून ठेवा, त्यावरून त्याच मळ्यातली दुसरी घरं सापडतात.