परिणामी बल आणि संतुलक बल: आकडा एकच, मग शब्द दोन कशाला?

प्रश्न असा आलाय की 'परिणामी' आपण 'त्यामुळे' या अर्थाने वापरतो, मग 'परिणामी बल' ही काय भानगड, आणि संतुलक बलाचं उत्तरही तेवढंच येतं तर दोन शब्द कशाला.

आधी परिणामी. हे दिसायला एक पण खरे दोन शब्द आहेत. 'पाऊस लांबला, परिणामी पेरण्या रखडल्या' यातला परिणामी म्हणजे परिणाम अधिक सप्तमीचा ई, जसं घरी, दारी, शेवटी. बलाला लागतो तो मात्र विशेषण, ज्ञानी, दुःखी यांच्या जातीचा, म्हणजे सगळ्या बलांनी मिळून जे घडतं ते एकट्याने घडवणारं बल.

आता कपडे वाळत घालायची दोरी डोळ्यासमोर आणा, मधोमध एक भिजलेली जीन्स लटकतेय. दोरीची डावी बाजू तिला डावीकडे वर खेचतेय, उजवी उजवीकडे वर, त्यातली आडवी खेच एकमेकींना मारून टाकते आणि उरते ती सरळ वरची, हे झालं परिणामी बल, म्हणजे दोन्ही बाजू काढून वरून एकच दोरी बांधली असती तरी चाललं असतं. जीन्सचं वजन तेवढंच पण खाली, ते या दोन खेचांचं संतुलक, म्हणजे परिणामी बलाला उलट दिशेने तोलून धरणारं बल. बल ही सदिश राशी, सदिश म्हणजे दिशेसकट, त्यामुळे दिशा उलटली की बलच वेगळं. पूर्वेला ३० न्यूटन आणि उत्तरेला ४० लावलं तर बेरीज ७० नाही, काटकोन त्रिकोणाच्या कर्णासारखी ५० येते, परिणामी ईशान्येच्या अंगाला आणि संतुलक नैऋत्येच्या, पेपरात नुसतं ५० लिहिलं तर कुठलं ते कळणार कसं?

दोरीला झोळ ठेवतात तोही याच हिशोबाने. दोन बाजूंमधला कोन १२० अंश असेल तर प्रत्येक बाजूत ताण जीन्सच्या वजनाएवढा, पण दोरी आडव्यापासून जेमतेम ५ अंश कललेली असेल तर तोच ताण जवळजवळ पावणेसहा पट होतो, कचकचून बांधलेली दोरी खिळा उपटते ती अशी.

संतुलकात 'तुल्' धातू आहे, आपला तोल त्याच घरातला, म्हणून मला स्वतःला 'समतोलक' जास्त आवडतो, तोल सावरणं मराठी माणसाला समजावून सांगावं लागत नाही. आणि हो, परिणामी शून्यच आलं तर वस्तू आधीच समतोलात आहे, संतुलक शोधायची गरजच नाही.