वर्दी उतरवून विधानसभा: शिंद्यांच्या गोष्टीतली मधली पानं

तुमचा धाकटा भाऊ अकरा वर्षं फौजदारकी करून आता राजीनामा देऊन विधानसभा लढवायची म्हणतोय. तालुक्यात त्याचं नाव आहे, आणि "सुशीलकुमार शिंदेही फौजदारच होते की" हे तो घरात सगळ्यांना ऐकवतोय. मी सोलापूरचा, त्यामुळे हे वाक्य माझ्या कानाला नवं नाही. दर निवडणुकीला कुणीतरी म्हणतंच. मधली पानं मात्र कुणी वाचत नाही.

शिंदे आधी सोलापूरच्या कोर्टात पट्टेवाले होते, मग पोलीस सब-इन्स्पेक्टर झाले, तेही सीआयडीत. राजकीय हालचालींवर नजर ठेवणाऱ्या फौजदाराचं काम तुम्हाला माहीत असेलच. साध्या कपड्यांत सभेच्या कडेला उभं राहायचं, कोण काय बोललं, कुणामागे किती माणसं आली, कोण कुणाच्या गाडीत बसलं हे टिपून वर कळवायचं. दंडुका क्वचितच हातात येतो. शिंद्यांना पुढे कामी आली ती वर्दी नाही, ही नजर, असं माझं मत आहे. शरद पवारांनी त्यांना हेरलं, राजकारणात या म्हणाले, आणि यांनी नोकरी सोडली.

1972 ला तिकीट मिळालं नाही! जागा करमाळ्याची, राखीव. उमेदवारी तायप्पा सोनवणे यांना गेली. नोकरी सुटलेली, तिकीट कापलेलं, आणि नेत्याचा शब्द तेवढा हातात. पुढे सोनवणे वारले, पोटनिवडणूक लागली, तेव्हा कुठे शिंदे आमदार झाले आणि पाठोपाठ राज्यमंत्री. ती पोटनिवडणूक लागली नसती तर तुमचा भाऊ आज दुसऱ्या कुणाचं तरी नाव घेत असता.

त्यानंतरचं सगळ्यांना ठाऊक आहे. अर्थमंत्री म्हणून नऊ अर्थसंकल्प, जानेवारी 2003 मध्ये मुख्यमंत्री. तेव्हा ते खासदार होते, म्हणून आनंदराव देवकते यांनी दक्षिण सोलापूरची जागा मोकळी करून दिली. 2004 ला आघाडी पुन्हा सत्तेत आली, तरी खुर्ची विलासरावांकडे गेली आणि शिंदे राज्यपाल होऊन हैदराबादला. 2012 ला देशाचे गृहमंत्री. एकेकाळचा फौजदार सगळ्या पोलिसांच्या वर जाऊन बसला, याचं आमच्याकडे अजून कौतुक आहे.

एक गंमत सांगतो. 2002 ची उपराष्ट्रपतिपदाची निवडणूक आठवते? शिंद्यांसमोर भैरोसिंह शेखावत होते आणि तेही तरुणपणी सब-इन्स्पेक्टरच! 454 विरुद्ध 305 मतांनी शेखावत जिंकले. त्यांनी 1952 ला राजस्थानातल्या दांता रामगढमधून जनसंघाचे आमदार म्हणून सुरुवात केली, आणि जहागीरदारी रद्द करण्याच्या प्रश्नावर स्वतःच्याच पक्षातल्या जहागीरदार मंडळींच्या विरोधात उभे राहिले. त्यांना लोकांनी लक्षात ठेवलं ते यासाठी, पोलिसातल्या दिवसांसाठी नाही.

आता उलट बाजू. एन्काउंटरसाठी गाजलेले पोलीस अधिकारी प्रदीप शर्मा यांचं नाव उभ्या महाराष्ट्राला माहीत होतं. 2019 ला नोकरी सोडून शिवसेनेकडून नालासोपाऱ्यात उतरले आणि क्षितिज ठाकूर यांच्याकडून मोठ्या फरकाने हरले. नाव मुंबईत गाजलेलं, मतदान वसईच्या पट्ट्यात. बिहारात 2020 ला पोलीस महासंचालक गुप्तेश्वर पांडे यांनी स्वेच्छानिवृत्ती घेऊन नितीशकुमारांच्या जेडीयूत प्रवेश केला, त्यांची बक्सरमधून लढण्याची चर्चा होती. जागावाटपात ती जागा गेली मित्रपक्ष भाजपकडे, आणि भाजपने तिकीट दिलं परशुराम चतुर्वेदी यांना, जे पूर्वी हवालदार होते! तेही हरले म्हणा.

थोडं कायद्याचं. नोकरीत असताना गुपचूप मेळावे घेऊ नका म्हणावं, वर्तणूक नियमांत सरळ अडकेल. राजीनामा नुसता देऊन चालत नाही, तो मंजूर व्हावा लागतो. अर्जांच्या छाननीच्या दिवशी लाभाचं पद, म्हणजे सरकारी पगाराची नोकरी, अंगावर असलं की अर्ज बाद. आणि खात्यात काही चौकशी चालू असेल तर तिचा निकाल आधी लावून घ्या. भ्रष्टाचारासाठी बडतर्फी झाली तर पाच वर्षं लढताच येत नाही.

तिकिटाचा शब्द नेमका कुणी दिलाय ते त्याला विचारा. जिल्ह्यातल्या नेत्याने दिला असेल, तर मुंबईतल्या यादीत ते नाव कोण टिकवणार हेही विचारा. आणि वहिनींनाही एकदा विचारून बघा, पगार बंद झाल्यावर दोन वर्षं घर कशावर चालणार आहे.