पुरावा बंद झाल्यावर सापडलेली वाटणीची याद

प्रश्न : चुलत भावाने वडिलोपार्जित जमीन आणि घराच्या वाटपाचा दावा लावला आहे. मी प्रतिवादी. दोन्ही बाजूंचा पुरावा संपला, पुढची तारीख युक्तिवादाची आहे. आता वडिलांच्या ट्रंकेत १९९१ची वाटणीची याद सापडली. वडील आणि काका दोघांच्या सह्या आहेत, नोंदणी नाही. आता उशीर झाला, असं सगळे म्हणतात. खरंच काही करता येणार नाही?

उत्तर : उशीर झाला आहे, पण युक्तिवादाच्या टप्प्यावरही अर्ज करता येतो. तुमचा कागद महत्त्वाचा असू शकतो, म्हणून पुढच्या तारखेची वाट पाहू नका.

आधी तुमची कैफियत (दाव्याला दिलेलं लेखी उत्तर) काढून वाचा. '१९९१ मध्येच वाटणी झाली' असं तीत म्हटलं आहे का? असेल तर हा कागद त्या बचावाचा पुरावा ठरतो. नसेल, तर कैफियतीत नसलेल्या गोष्टीचा पुरावा न्यायालय विचारात घेत नाही. मग आधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ६ नियम १७ खाली कैफियतीत दुरुस्ती मागावी लागेल, आणि सुनावणी सुरू झाल्यानंतर ती मिळवणं कठीण असतं.

कागद दाखल करण्याची परवानगी त्याच संहितेच्या आदेश ८ नियम १अ(३) खाली मागायची. सोबत पुरावा पुन्हा सुरू करण्यासाठी कलम १५१ आणि साक्षीदाराला परत बोलावण्यासाठी आदेश १८ नियम १७ खाली अर्ज द्या. सर्वोच्च न्यायालयाने सुगंधी विरुद्ध पी. राजकुमार या २०२०च्या निकालात अशा परवानगीबाबत उदार दृष्टी ठेवायला सांगितलं आहे, पण सबळ कारण मात्र हवंच. तेव्हा शपथपत्रात खरं ते नेमकं लिहा : ट्रंक कुणाच्या ताब्यात होती, कोणी आणि केव्हा उघडली, आधी का पाहिली नाही. 'नजरचुकीने राहून गेलं' एवढ्यावर बहुतेक अर्ज फेटाळले जातात. विलंबाबद्दल वादीला खर्च देण्याची तयारीही अर्जातच दाखवा.

आता कागदाचा मजकूर. 'आमची वाटणी पूर्वीच झाली आहे, त्याची ही याद' अशी भाषा असेल तर नोंदणी लागत नाही. 'या लेखाने वाटणी करून देत आहोत' असं असेल तर तो वाटणीपत्र ठरतो. नोंदणीअभावी त्यातून हिस्से सिद्ध होणार नाहीत. फार तर वेगळी वहिवाट दाखवण्यासारख्या आनुषंगिक कारणापुरता तो वाचला जाईल, तोही मुद्रांकाची पूर्तता झाल्यावर. मुद्रांक कमी असेल तर शुल्क आणि दंड भरावा लागतो. वकिलांना कागदातलं हे वाक्य शब्दन् शब्द वाचायला द्या.

कागद रेकॉर्डवर आला म्हणजे शाबीत झाला, असं नाही. सह्या ओळखणारा माणूस लागेल. तीस वर्षांहून जुना कागद योग्य ताब्यातून आला असेल तर जुन्या पुरावा कायद्याच्या कलम ९० चं (नव्या साक्ष्य अधिनियमात कलम ९२) सह्या खऱ्या मानण्याचं गृहीतक मिळू शकतं, पण तो न्यायालयाच्या मर्जीचा भाग आहे. म्हणून १९९१ नंतरचे फेरफार आणि वेगळे सातबारा यांच्या प्रमाणित नकला काढा. फेरफाराने मालकी ठरत नाही, पण दोन्ही घरं वेगळी वहिवाट करत होती हे त्यातून दिसतं.

आणि मूळ कागद लॅमिनेट करू नका. घड्या फाटल्या असतील तरी चिकटपट्टी लावू नका, पुसट अक्षरं पेनाने गिरवू नका. आहे तसा पाकिटात ठेवा.

अर्ज फेटाळला तर संविधानाच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालयात दाद मागता येते. अपिलात जादा पुरावा देण्यासाठी आदेश ४१ नियम २७ आहे, पण त्याच्या अटी कडक आहेत. अर्ज याच आठवड्यात दाखल करा.