अणुसंकटात निर्णय नक्की कोण घेतं? (उत्तर जरा लांबलंय)

प्रश्न असा होता की अणुयुद्धाची वेळ येऊन ठेपली तर सरकारात निर्णय नक्की कोण घेतं, राष्ट्राध्यक्ष किंवा पंतप्रधान एकटाच बटण दाबून मोकळा होतो की कमिटी बसते, आणि आपल्याकडे काय पद्धत आहे. वर दोघातिघांनी "शेवटी सगळं एकाच माणसाच्या हातात" असं उत्तर देऊन विषय संपवलाय. ते अर्धंच खरंय.

आधी दोन गोष्टी वेगळ्या करूया. एक म्हणजे क्षेपणास्त्रं निघालीत अशी सूचना आली आणि आता उलट डागायची की नाही हे ठरवायचंय. हे मिनिटांचं काम आहे आणि तिथे अमेरिकेत खरंच एकटा राष्ट्राध्यक्ष असतो, त्याला ना काँग्रेसची परवानगी लागते ना कॅबिनेटची, खालची माणसं फक्त आदेश खरा त्याच्याकडूनच आलाय ना एवढं तपासतात. २५ जानेवारी १९९५ ला नॉर्वेहून ध्रुवीय प्रकाश अभ्यासायचं एक रॉकेट उडालं, तर रशियाच्या रडारवाल्यांना ते पाणबुडीतून सुटलेलं क्षेपणास्त्र वाटलं आणि राष्ट्राध्यक्ष येल्त्सिनसमोर अण्वस्त्रांचा आदेश द्यायची ती सुप्रसिद्ध ब्रीफकेस उघडली गेली. नॉर्वेने आधी कळवलेलं होतं, पण ते पत्र योग्य टेबलावर पोचलंच नव्हतं.

दुसरी गोष्ट म्हणजे संकट. ते दिवसदिवस चालतं, बैठका होतात, पत्रं जातात, आणि युद्ध व्हायचं की टळायचं हे बरंचसं तिथेच ठरतं. त्यावर बोलायचं तर १९६२ च्या क्युबाइतकं चांगलं उदाहरण नाही (रशियाने अमेरिकेच्या दारात, क्युबात, अण्वस्त्रवाली क्षेपणास्त्रं नेऊन ठेवली होती), कारण तेव्हाचा अमेरिकेचा राष्ट्राध्यक्ष केनेडी याने व्हाइट हाउसच्या बैठका गुपचूप टेप केल्या होत्या, खोलीत बसलेल्या बहुतेकांना पत्ताही नव्हता. त्यामुळे मागाहून लिहिलेल्या आठवणींवर विसंबायची गरज नाही, कोण काय बोललं ते ऐकताच येतं. आणि ऐकलं की कमिटीबद्दलच्या बऱ्याच कल्पना मोडीत निघतात.

सुरुवात माहितीपासून. सीआयएचा प्रमुख मॅकॉन उन्हाळ्यापासून म्हणत होता की रशिया क्युबात क्षेपणास्त्रं आणणार, नाहीतर एवढी महागडी विमानविरोधी यंत्रणा तिथे कशाला उभी करतील. पण त्याच्याच संस्थेच्या तज्ज्ञांनी १९ सप्टेंबरच्या अहवालात लिहिलं की रशिया असं करणं संभवत नाही, आजवर कधी केलेलं नाही. मॅकॉन तेव्हा फ्रान्समध्ये हनीमूनला होता, तिथून तारा पाठवून विरोध नोंदवत होता, आणि त्या तारांना किती भाव मिळाला असेल ते तुम्हीच समजा. त्यात भर म्हणजे यू-टू हे हेरगिरीचं विमान पडलं तर बोभाटा होईल या भीतीने क्युबाच्या डोक्यावरून थेट उडणं जवळपास महिनाभर टाळलं होतं. शेवटी १४ ऑक्टोबरला विमान गेलं, १५ ला फोटो तपासले, आणि बंडीने म्हणजे सुरक्षा सल्लागाराने त्या रात्री केनेडीला उठवलं नाही, झोपू दे म्हणाला, पुढे झोप कुठली मिळणार. १६ ला सकाळी सांगितलं.

१६ तारखेच्या बैठका ऐका, जवळजवळ सगळा सूर हवाई हल्ल्याचा आहे. केनेडीचासुद्धा. म्हणजे त्या दिवशी बातमी फुटली असती आणि टीव्हीवाले दारात उभे राहिले असते तर निर्णय झाला होता म्हणूनच समजा. फुटली नाही, आणि सहा दिवस मिळाले. या सहा दिवसांत केनेडी ठरलेले दौरे करत होता, १८ तारखेला रशियाचा परराष्ट्रमंत्री ग्रोमिको समोर बसून "आमची मदत फक्त बचावासाठी" म्हणत होता आणि केनेडीने फोटोंबद्दल चकार शब्द काढला नाही. काही बैठकांना केनेडी मुद्दाम गेलाच नाही, साहेबासमोर लोक मोकळं बोलत नाहीत म्हणून. आदल्या वर्षी बे ऑफ पिग्जच्या म्हणजे क्युबावरच्या फसलेल्या हल्ल्याच्या वेळी सगळ्यांनी माना डोलावल्या होत्या आणि सगळे मिळून तोंडघशी पडले होते, ते ताजं होतं.

मतं कशी फिरली ते बघण्यासारखं आहे. परराष्ट्र खात्यातला जॉर्ज बॉल म्हणाला हे तर पर्ल हार्बर होईल, न सांगता हल्ला करणारे आपण. लष्करप्रमुख अजिबात हलले नाहीत, १९ तारखेला हवाईदलाच्या लमेने तोंडावर सांगितलं की नाकेबंदी म्हणजे १९३८ ला म्युनिकमध्ये हिटलरपुढे घातलेल्या लोटांगणासारखंच आहे. (केनेडीचा बाप म्युनिकच्या वेळी लंडनमध्ये राजदूत होता आणि तडजोडीच्या बाजूचा होता, त्यामुळे टोमणा कुठे लागला ते कळेल.) मग २१ तारखेला हवाईदलाच्या स्वीनीला विचारलं की हल्ला केला तर सगळी क्षेपणास्त्रं जातील का, तर तो प्रामाणिकपणे म्हणाला खात्री देता येत नाही. उरलेली दोनचार न्यूयॉर्कवर पडली तर? २२ ला संध्याकाळी नाकेबंदी जाहीर झाली, आणि कायद्याने ते युद्धच ठरू नये म्हणून तिला क्वारंटाइन म्हटलं.

आता या सगळ्या हुशार मंडळींना काय माहीत नव्हतं ते बघा. क्युबात रशियन सैनिक चाळीस हजारांच्या वर होते, अमेरिकेचा अंदाज दहा हजारांच्या आसपास. आणि लढाईच्या मैदानात वापरायची छोटी अण्वस्त्रं तिथे पोचलेली होती, हे तर वॉशिंग्टनला १९९२ च्या हवाना परिषदेत कळलं, तीस वर्षांनी. मॅक्नमारा, जो तेव्हा संरक्षणमंत्री होता, तो त्या परिषदेत हजर होता. लष्कर ज्या आक्रमणाची तयारी करत होतं ते झालं असतं तर किनाऱ्यावर उतरलेल्या सैनिकांचं काय झालं असतं ते वेगळं सांगायला नको.

आता २७ ऑक्टोबर, शनिवार. या एका दिवसावर जरा थांबतो कारण प्रश्नाचं खरं उत्तर यातच आहे.

आदल्या रात्री रशियाचा सर्वेसर्वा ख्रुश्चेव्ह याचं लांबलचक, भावुक पत्र आलेलं, हल्ला करणार नाही असं वचन द्या, आम्ही क्षेपणास्त्रं काढतो. हे पत्र मॉस्कोतल्या अमेरिकन वकिलातीत दिल्यापासून वॉशिंग्टनला पूर्ण पोचायला अकरा-बारा तास लागले, तुकड्यातुकड्यात. (वॉशिंग्टनमधला रशियन राजदूत डोब्रिनिन याने नंतर लिहिलंय की त्याच्या तारा न्यायला वेस्टर्न युनियनचा पोऱ्या सायकलवर यायचा, आणि तो मधेच कुठे गप्पा मारत थांबू नये एवढीच आशा करायची. अणुयुद्ध तोंडावर आणि निरोप सायकलवर. पुढच्या वर्षी हॉटलाइन झाली ती यातूनच.) सकाळी बैठक चालू असताना मॉस्को रेडिओवरून दुसरं पत्र जाहीर झालं, आता अट वाढली, तुर्कस्तानातली तुमची ज्युपिटर क्षेपणास्त्रंही काढा.

दुपारी कळलं की अलास्काहून उत्तर ध्रुवाकडे गेलेलं एक यू-टू भरकटून रशियात शिरलंय. चार्ल्स मॉल्ट्सबी नावाचा वैमानिक हवेचे नमुने आणायला निघाला होता, ध्रुवीय प्रकाशामुळे ताऱ्यांवरून दिशा कळेना, रेडिओवर रशियन संगीत ऐकू यायला लागलं तेव्हा याच्या लक्षात आलं की आपण कुठे आहोत. रशियन मिग उठली, त्याला सोडवायला अमेरिकन विमानंही उठली, आणि अलर्ट वाढवलेला असल्यामुळे त्या विमानांवर अण्वस्त्रवाली क्षेपणास्त्रं चढवलेली होती. हा निर्णय कुठल्या कमिटीने घेतला? कुणीच नाही. अलर्टची पातळी वाढली की काय चढवायचं हे आधीच कागदावर ठरलेलं होतं, ते आपोआप झालं. तसंच आदल्या दिवशी कॅलिफोर्नियातून एका लांब पल्ल्याच्या क्षेपणास्त्राची चाचणीसुद्धा झाली, कारण वेळापत्रकात होती! कुणाला थांबवायचं सुचलंच नाही.

मग बातमी आली की क्युबावर एक यू-टू पाडलंय, वैमानिक मेजर रुडॉल्फ अँडरसन मेला. वॉशिंग्टनमध्ये सगळ्यांनी धरलं की ख्रुश्चेव्हने मुद्दाम पाडलं, आता हे सरळ हातघाईवर आले. प्रत्यक्षात मॉस्कोने आदेश दिलाच नव्हता, क्युबातल्या दोन रशियन जनरलांनी वरचा साहेब सापडेना म्हणून स्वतःच ठरवलं. आणि इकडे एक्सकॉमने, म्हणजे केनेडीने या संकटासाठी जमवलेल्या सल्लागारांच्या कमिटीने, चार दिवस आधीच ठरवून ठेवलं होतं की यू-टू पाडलं तर ते पाडणाऱ्या तळावर लगेच हल्ला. म्हणजे निर्णय तयार होता, फक्त अंमल बाकी. केनेडीने तो थांबवला. माझ्या मते अख्ख्या प्रकरणातला सगळ्यात मोठा निर्णय हाच, की आपणच आधी केलेला निर्णय अमलात आणायचा नाही. (त्याच संध्याकाळी समुद्रात बी-५९ या रशियन पाणबुडीचं नाट्य चालू होतं, तिच्यावरचा अण्वस्त्रवाला टॉर्पेडो डागायची वेळ आली होती आणि अर्खिपोव्ह नावाच्या अधिकाऱ्याने ते थांबवलं असं सांगतात, ही गोष्ट बहुतेकांनी वाचलेली असते म्हणून लांबवत नाही. फक्त एवढंच की पाणबुडी वर आणायला छोटे स्फोट करू अशी सूचना अमेरिकेने मॉस्कोला दिली होती आणि ती पाणबुडीपर्यंत पोचली नव्हती. पुन्हा तेच, नॉर्वेसारखं.)

संध्याकाळची चर्चा तुर्कस्तानवर. केनेडीचं म्हणणं साधं होतं, बाहेरच्या कुठल्याही शहाण्या माणसाला हा सौदा रास्तच वाटणार, मग त्यासाठी युद्ध कसं करायचं? बाकी जवळजवळ सगळे विरोधात, नाटो फुटेल, मित्रांचा विश्वास जाईल. मॉस्कोत राजदूत राहिलेला ल्युएलिन थॉम्पसन त्या खोलीत ख्रुश्चेव्हला प्रत्यक्ष ओळखणारा माणूस, तो म्हणाला की पहिल्या पत्रालाच उत्तर द्या, ख्रुश्चेव्हला "मी क्युबा वाचवला" एवढं सांगता आलं की पुरे. माझ्या वाचनात त्या दिवसातलं सगळ्यात कामाचं बोलणं हे, कारण समोरच्याला घरी जाऊन काय सांगायचंय हा विचार त्या खोलीत दुसरं कुणी फारसं करत नव्हतं.

आणि मग काय झालं, तर कमिटी बाजूलाच राहिली. केनेडीने आठ-नऊ जणांना ओव्हल ऑफिसमध्ये घेतलं, तिथे ठरलं की पत्रात तुर्कस्तानचा उल्लेख करायचा नाही, पण केनेडीचा भाऊ रॉबर्ट केनेडी याने डोब्रिनिनला तोंडी सांगायचं की काही महिन्यांत ज्युपिटर निघतील, फक्त कुठे बोलायचं नाही. साध्या मराठीत मांडवली. उपाध्यक्ष जॉन्सनला माहीत नाही, मॅकॉनला माहीत नाही, लष्करप्रमुखांना माहीत नाही, आणि ज्यांच्या जमिनीवर क्षेपणास्त्रं होती त्या तुर्कस्तानला तर नाहीच. २८ ला ख्रुश्चेव्हने रेडिओवर माघार जाहीर केली, एप्रिल १९६३ पर्यंत ज्युपिटर निघालीसुद्धा.

झाकली मूठ वर्षानुवर्षं झाकलेलीच राहिली. १९८९ मध्ये मॉस्कोतल्या एका परिषदेत केनेडीचा सहकारी सोरेन्सन याने कबूल केलं की रॉबर्ट केनेडीच्या आठवणी छापताना त्याने सौद्याचा स्पष्ट उल्लेख सौम्य केला होता. तोवर दोन पिढ्यांनी धडा काय घेतला? की ठाम राहा, समोरचा वाकतो. आणि हा धडा घेणाऱ्यांत जॉन्सन पहिला, जो तेरा महिन्यांत राष्ट्राध्यक्ष झाला आणि व्हिएतनाम त्याच्या गळ्यात आलं. व्हिएतनामचं खापर सगळं यावर फोडता येणार नाही, पण त्याच्यासमोर खरी गोष्ट ठेवलीच नव्हती हे खरंय.

रशियाकडे टेप नाहीत पण प्रेसिडियमच्या म्हणजे तिथल्या पक्षाच्या सर्वोच्च समितीच्या बैठकांची टिपणं नंतर बाहेर आली. तिथे ख्रुश्चेव्ह बोलायचा आणि बाकीचे होकार द्यायचे. क्षेपणास्त्रं पाठवायचा निर्णयही असाच, तिच्यातल्या मिकोयानने शंका काढली होती, ती वाहून गेली. गंमत म्हणजे माघारही त्याच पद्धतीने पटकन झाली, एकट्याने ठरवलं आणि बाकीच्यांनी माना डोलावल्या. क्युबाचा नेता कॅस्ट्रो याला तर रेडिओवरूनच कळलं, तो भयंकर चिडला.

आपला या आठवड्याशी संबंध बऱ्याच जणांच्या लक्षात येत नाही. २० ऑक्टोबर १९६२ ला चीनने नेफा (आजचा अरुणाचल प्रदेश) आणि लडाखमध्ये हल्ला केला. वॉशिंग्टनचं सगळं लक्ष क्युबात, दिल्लीतला राजदूत गॅलब्रेथ जवळपास स्वतःच्याच जबाबदारीवर गाडा हाकत होता. आणि रशियाला अशा वेळी चीनशी वितुष्ट परवडणारं नव्हतं, म्हणून २५ ला तिथल्या पक्षाच्या मुखपत्राने, प्रावदाने, चीनची बाजू घेतली. नेहरूंना तो मोठा धक्का होता. पुढे कृष्ण मेनन गेले, यशवंतराव मुंबईहून दिल्लीला गेले आणि हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला ते आपल्याला पाठ आहे, पण त्या पंधरवड्यात दोन्ही महासत्ता आपल्याकडे वेगळ्याच हिशोबाने का बघत होत्या ते क्युबाशिवाय कळत नाही.

आता आपली पद्धत. ४ जानेवारी २००३ ला सरकारने न्यूक्लिअर कमांड अथॉरिटी जाहीर केली. तिच्यात राजकीय परिषद, अध्यक्ष पंतप्रधान, आणि अण्वस्त्र वापरायची परवानगी फक्त हीच परिषद देऊ शकते. खाली कार्यकारी परिषद, तिचा अध्यक्ष राष्ट्रीय सुरक्षा सल्लागार, ती माहिती पुरवते आणि आदेश राबवते. शस्त्रं सांभाळायला स्ट्रॅटेजिक फोर्सेस कमांड. पहिला वापर आपण करणार नाही हे धोरण असल्यामुळे मिनिटांत बटण दाबायचा ताण कागदावर तरी कमी आहे. पण आता अरिहंतसारखी पाणबुडी गस्तीवर जाते आणि पाणबुडीत क्षेपणास्त्र सज्ज ठेवावं लागतं, तेव्हा खालच्या माणसाच्या हातात नक्की काय असतं हा बी-५९ वाला प्रश्न आपल्यालाही आलाच.

कारगिलमध्ये १९९९ ला हवाईदल वापरा पण नियंत्रण रेषा ओलांडायची नाही हा निर्णय सुरक्षाविषयक मंत्रिमंडळ समितीने घेतला, दोन्ही देशांनी अणुचाचण्या करून जेमतेम वर्ष झालं होतं. त्या खोलीत कोण काय म्हणालं हे क्युबासारखं ऐकायला मिळत नाही, कारगिल समितीचा अहवाल २००० मध्ये आला त्यातलाही बराच मजकूर गाळलेला आहे. म्हणून तुमच्या प्रश्नाला मी क्युबातूनच उत्तर दिलं. टेप ऐकायच्या असतील तर १६ तारखेची सकाळ आणि २७ ची दुपार-संध्याकाळ एवढंच आधी ऐका, आवाज खराब आहे, उतारा समोर ठेवून ऐकलं तर झेपतं.