गावातल्या जुन्या सतीशिळेभोवती मंदिर बांधून वार्षिक उत्सव सुरू करता येईल का? (रत्नागिरी)

नाही, तो गुन्हा ठरेल. राजस्थानातल्या देवराळा गावी रूप कंवर ही तरुण विधवा सती गेल्याच्या प्रकरणानंतर झालेला १९८७ चा सती प्रतिबंधक कायदा सतीच्या उदात्तीकरणालाही शिक्षा देतो: १ ते ७ वर्षं कैद आणि ५ ते ३० हजार रुपये दंड. मंदिर, मिरवणूक, वर्गणी, ट्रस्ट, सगळं त्यात येतं. सती शतकांपूर्वी गेली असली तरी सुटका नाही, कायद्यात तसं स्पष्ट लिहिलंय. त्यामुळे मुंबईकर मंडळाने पावतीपुस्तकं छापली असतील तर आजच थांबवा.

शिळा मात्र जरूर जपा. तिच्यावर कोरलेला, कोपरात वाकलेला, बांगड्या भरलेला तो हात एका जाळल्या गेलेल्या बाईचा पुरावा आहे. मुंबई इलाख्यात बंदी १८३० साली आली, खाली गोव्यात तर पोर्तुगीजांनी सोळाव्या शतकातच घातली होती. शेजारी एवढी माहिती देणारा फलक लावा. नारळ-ओटी नको.